यशवंतराव, कुंपण आणि माझी फी माफी

मंडळी, राजकारणावर इथे शक्यतो लिहायचं नाही असा माझा नियम आहे. राजकारणावर लिहिलं की निम्मे नातेवाईक रुसतात आणि उरलेले निम्मे फोन करून आपलं मत ऐकवतात. पण आज तो नियम थोडा बाजूला ठेवते, कारण विषय आमच्या घरचाच आहे.

यशवंतराव चव्हाणांबद्दल आमच्याकडे दोन प्रकारचे लोक भेटतात. एक, त्यांचं नाव निघालं की हात जोडणारे. दुसरे, "ते हो, कायम कुंपणावर बसणारे!" म्हणून हसणारे. माझा एक भाचा या दुसऱ्या पंथातला. वाचन चांगलं आहे त्याचं, उगाच बोलत नाही. त्याचं म्हणणं असं, की "आत्या, हा माणूस पंतप्रधान व्हायच्या योग्यतेचा होता. पण दर वेळी निर्णयाची घडी आली की थांबला. थांबणाऱ्यांना इतिहास विचारत नाही."

हात जोडणाऱ्यांना उत्तर द्यावं लागत नाही. भाच्याला मात्र द्यायला हवं. कारण तो म्हणतो त्यात तथ्य आहे, आणि तरीही माझी बीएची पदवी काही वेगळंच सांगते.

आधी भूगोल सांगते, म्हणजे बाहेरगावच्या वाचकांचा गोंधळ व्हायला नको. माझं माहेर कऱ्हाडजवळचं, म्हणजे सातारा जिल्ह्यातलं. सासर सांगलीकडचं. पण माझ्या जन्माच्या थोडं आधीपर्यंत हा बराचसा मुलूख एकाच सातारा जिल्ह्यात होता. १९४९ साली दक्षिण सातारा वेगळा झाला आणि १९६० साली त्याचं नाव सांगली ठेवलं गेलं. म्हणून यशवंतराव कुणाचे, यावर आमच्या दोन्ही घरांत लटकं भांडण चालायचं. जन्म देवराष्ट्र्याचा, ते आज सांगली जिल्ह्यात. वाढले आणि शिकले कऱ्हाडला, ते साताऱ्यात. माझे सासरे म्हणायचे, "पीक आमच्या रानातलं, खळं तेवढं तुमचं."

देवराष्ट्रे हे त्यांचं आजोळ. १२ मार्च १९१३ चा जन्म. आई विठाबाई बाळंतपणात अडल्या तेव्हा आजीने सागरोबाला साकडं घातलं, यश दे म्हणाली आणि म्हणून मुलाचं नाव यशवंत ठेवलं, असं सांगतात. वडील कऱ्हाडला कोर्टात बेलिफ होते. यशवंता चार-पाच वर्षांचा असतानाच ते गेले. मोठा भाऊ ज्ञानोबा वडिलांच्या जागी नोकरीला लागला आणि घर कसंबसं उभं राहिलं. विठाबाईंना अक्षरओळख नव्हती. जात्यावरच्या ओव्या मात्र पाठ होत्या.

आम्हा मास्तर लोकांना त्यांच्या शाळेतला एक प्रसंग फार आवडतो. मी स्वतः वर्गात तो कितीदा सांगितला असेल! टिळक हायस्कूलमध्ये शेणोलीकर मास्तरांनी मुलांना विचारलं, की तुम्हाला पुढे कोण व्हायचंय? मुलांनी एकेका थोर माणसाचं नाव सांगितलं. यशवंताने स्वतःचंच नाव सांगितलं. काहींना यात उद्धटपणा दिसतो. मला दिसत नाही. ज्याच्या घरात उद्याच्या भाकरीची काळजी आहे, त्या मुलाने दुसऱ्या कुणासारखं व्हायला नकार देणं ही मोठी गोष्ट आहे.

२६ जानेवारी १९३२ ला शाळेच्या आवारात झेंडा लावला म्हणून या मुलाला अठरा महिन्यांची शिक्षा झाली. माफी मागितली तर सुटेल, असं आईला सांगण्यात आलं. त्या न शिकलेल्या बाईने माफीला नकार दिला. मुलाने तब्येतीला जपावं एवढंच तिचं म्हणणं होतं. मग येरवड्याच्या तुरुंगात आचार्य भागवतांसारखे शिक्षक लाभले, वाचन झालं, वाद झाले. सुटल्यावर कोल्हापूरच्या राजाराम कॉलेजातून इतिहास-राजकारण घेऊन १९३८ ला बीए आणि पुढे पुण्याहून वकिली.

भाच्याला मी पहिलं उत्तर इथेच देते. कुंपणावर बसणारा माणूस बेचाळीस साली घरी बसला असता. २ जून १९४२ ला फलटणच्या वेणूताईंशी त्यांचं लग्न झालं. ऑगस्टमध्ये चळवळ पेटली आणि नवरा भूमिगत. आपल्या जिल्ह्यात त्या दिवसांत तहसील कचेऱ्यांवर मोर्चे निघाले. कऱ्हाडचा निघाला, तासगावचा निघाला. वडूजला ९ सप्टेंबरला आणि दुसऱ्याच दिवशी इस्लामपूरला गोळीबार झाला, माणसं पडली. या मोर्चांची आखणी करणाऱ्यांत यशवंतराव होते. लग्नानंतरच्या पहिल्याच संक्रांतीला पोलिसांनी वेणूताईंना उचललं. ज्या दिवशी नव्या सुनेला हलव्याचे दागिने घालायचे, त्या दिवशी ती कोठडीत. त्यातून त्या आजारी पडल्या. त्यांना बघायला यशवंतराव फलटणला गेले आणि तिथेच पकडले गेले.

त्याच १९४३ च्या जुलैत सांगलीच्या तुरुंगातून वसंतदादा पाटील साथीदारांसह बंदुका घेऊन बाहेर पडले. दादांना गोळी लागली, दोन साथीदार हुतात्मा झाले. क्रांतिसिंह नाना पाटलांचं प्रतिसरकारही याच मातीतलं. म्हणजे आमच्या भागात त्या काळी धाडसाला तोटा नव्हता. खरी अडचण पुढेच होती. धाडसाने मिळवलेलं स्वातंत्र्य नंतर चालवायचं कसं, ही. बंदुका घेऊन तुरुंग फोडता येतो, पण जिल्हा परिषद काही तशी चालवता येत नाही.

आता कुंपणाची गोष्ट. तिची सुरुवात संयुक्त महाराष्ट्राच्या वेळी झाली. १९५५ च्या अखेरीस फलटणला यशवंतरावांनी जाहीर सांगितलं, की संयुक्त महाराष्ट्र आणि नेहरू यांत निवड करायची वेळ आली तर आपण नेहरूंना मोठं मानू. सारा महाराष्ट्र खवळला. मुंबईत लोक गोळ्या खात होते आणि आमचाच माणूस असं बोलतो! आमचे दादा, म्हणजे माझे वडील, शेतकरी कामगार पक्षाचे. लाल बावट्याचे कट्टर. मला आठवतं तेव्हापासून आमच्या घरात यशवंतरावांचं नाव आदराने घेतलेलं मी ऐकलं नव्हतं. १ नोव्हेंबर १९५६ ला ते द्वैभाषिक मुंबई राज्याचे मुख्यमंत्री झाले तेव्हा दादा म्हणाले होते म्हणे, की आता खुर्ची मिळाली, महाराष्ट्र विसरला.

१९५७ च्या निवडणुकीत पश्चिम महाराष्ट्रात काँग्रेसचं पानिपत झालं. मुख्यमंत्री असूनही यशवंतराव कऱ्हाडमधून थोडक्या मतांनी वाचले. आमच्या गावाने बहुतेक विरोधातच मतं टाकली होती. दादांचं मत तर विरोधात होतंच.

त्याच वर्षी ३० नोव्हेंबरला प्रतापगडावर शिवाजी महाराजांच्या पुतळ्याचं अनावरण करायला नेहरू आले. समितीने काळ्या निशाणांचा मोठा मोर्चा काढला. दादा त्यात होते. पसरणीच्या घाटाकडे माणसांचा पूर लोटला होता, असं ते सांगायचे. आधीच्या सरकारच्या काळात मुंबईत किती रक्त सांडलं होतं ते सगळ्यांना ठाऊक होतं. इथेही तसंच होईल या भीतीने आई दिवसभर देवापुढे बसली होती. पण गोळी चालली नाही. निदर्शकांना निदर्शनं करू दिली आणि पंतप्रधानांना कार्यक्रम. नेहरूंनी रस्त्याच्या दोन्ही बाजूंना उभा असलेला महाराष्ट्र डोळ्यांनी पाहिला. दादा रात्री उशिरा धडधाकट घरी आले.

मी यावर पुष्कळ विचार केला आहे. ज्याला भाचा कुंपण म्हणतो, त्याच जागेवरून त्या दिवशी दोन्ही बाजूंची माणसं दिसत होती. यशवंतरावांनी नेहरूंशी नातं तोडलं नाही आणि म्हणूनच दिल्लीला हळूहळू पटवता आलं, की हे द्वैभाषिक चालणार नाही. अर्थात समितीच्या रेट्याशिवाय हे झालंच नसतं. एकशे पाच-सहा माणसांनी जीव दिला त्यावर महाराष्ट्र उभा आहे, हे कुणी विसरू नये. पण रेटा लावणारे हवेत तसा आतून दार उघडणाराही कुणीतरी लागतो. १ मे १९६० ला राज्य झालं तेव्हा पहिला मुख्यमंत्री तोच माणूस होता ज्याला आमच्या दादांनी मत दिलं नव्हतं.

आणि आता माझी फी.

यशवंतरावांच्या सरकारने १९५९ साली एक सवलत काढली. ज्या पालकाचं उत्पन्न ठरावीक मर्यादेच्या आत, त्यांच्या मुलांची फी माफ. आम्ही तिला ईबीसी म्हणायचो. आर्थिकदृष्ट्या मागास, एवढीच अट. जात कोणती, पक्ष कोणता, हे विचारायचं नाही. तिजोरीला हे झेपायचं नाही अशी तेव्हा काळजी होती. तरीही ती काढली.

आमची तीन एकर जिराईत जमीन, पाच भावंडं. मी मुलींमध्ये थोरली. अकरावीची परीक्षा मी १९६७ ला पास झाले. आमच्या भावकीत तोवर मुलगी मॅट्रिकच्या पुढे गेली नव्हती. आई म्हणाली, स्थळ बघा. दादा दोन दिवस काही बोलले नाहीत. तिसऱ्या दिवशी धोतर बदललं आणि तलाठ्याकडे जाऊन उत्पन्नाचा दाखला घेऊन आले. कॉलेजच्या खिडकीवर ईबीसीचा फॉर्म भरताना मी शेजारी उभी होते. दादांनी अंगठा नाही, सही केली. व्हर्नाक्युलर चौथीपर्यंत शिकले होते ना! बाहेर आल्यावर म्हणाले, "ह्याला मत काय मी दिलं न्हाई. पर पोरीची फी त्यानं दिली बघ."

मंडळी, मी पुढे बत्तीस वर्षं शिकवलं. नागरिकशास्त्राच्या पुस्तकात लोकशाहीच्या व्याख्या पुष्कळ वाचल्या आणि फळ्यावर लिहूनही दिल्या. दादांच्या त्या वाक्याएवढी सोपी व्याख्या मला कुठे सापडली नाही. मत न देणाऱ्याच्या घरातही सरकारची सवलत पोचते, आणि घेणाऱ्याला त्यासाठी कुणाच्या पाया पडावं लागत नाही. मी बीए झाले ते मराठी माध्यमातून, शिवाजी विद्यापीठाची. तेही विद्यापीठ त्यांच्याच कारकिर्दीतलं, १९६२ चं.

त्या साडेपाच-सहा वर्षांत आणखी काय काय झालं बघा. औरंगाबादला, म्हणजे आजच्या छत्रपती संभाजीनगरला, मराठवाडा विद्यापीठ १९५८ ला निघालं. साताऱ्याला देशातलं पहिलं सैनिक शाळा १९६१ ला सुरू झालं. साहित्य संस्कृती मंडळ निघालं आणि वाईचे तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशी त्याचे अध्यक्ष झाले. नवबौद्धांना राज्याच्या सवलती चालू राहिल्या. जिल्हा परिषदा आणि पंचायत समित्यांचा कायदा झाला आणि १ मे १९६२ पासून कारभार जिल्ह्याच्या ठिकाणी आला. सहकारी साखर कारखान्यांना बळ मिळालं. हे राज्य मराठी लोकांचं की मराठ्यांचं, असं माडखोलकरांनी त्यांना जाहीर विचारलं होतं. त्यांनी ते साऱ्या मराठी माणसांचं असेल असं उत्तर दिलं. ते पूर्ण खरं झालं का? कारखान्यांच्या आणि परिषदांच्या खुर्च्यांवर पुढे कोण बसलं, हे आपण सगळ्यांनी पाहिलंय. तो हिशेब त्यांच्या खात्यावरही थोडा मांडावाच लागेल. पण निदान पाटी कोरताना त्यांनी ती सगळ्यांसाठी कोरली होती.

नोव्हेंबर १९६२ मध्ये चीनच्या युद्धाने देश हादरला. नेहरूंनी त्यांना संरक्षणमंत्री म्हणून बोलावलं. हिमालयाच्या मदतीला सह्याद्री धावला, हे वाक्य आम्ही शाळेतल्या निबंधांत घालायचो. इथेही भाच्याला एक गोष्ट सांगते. १ सप्टेंबर १९६५ ला छांबमध्ये पाकिस्तानी रणगाडे पुढे सरकले. विमानदल वापरायचं की नाही, हा प्रश्न संध्याकाळी संरक्षणमंत्र्यांपुढे आला. यशवंतरावांनी काही मिनिटांत परवानगी दिली आणि अंधार पडायच्या आत विमानं उडाली. नेहमी थांबणारा माणूस त्या दिवशी थांबला नाही.

मग गृहमंत्री, अर्थमंत्री, परराष्ट्रमंत्री. आणि इथून पुढे मात्र मला भाच्याचं बरंचसं मान्य करावं लागतं. १९६९ ला काँग्रेसमध्ये राष्ट्रपतिपदाच्या उमेदवारीवरून झगडा झाला तेव्हा बेंगळुरूला त्यांनी संजीव रेड्डींच्या बाजूने मत दिलं आणि पक्ष फुटल्यावर ते इंदिराबाईंबरोबर राहिले. आणीबाणीत ते मंत्रिमंडळात होते आणि गप्प होते. ज्या माणसाच्या आईने अठरा महिन्यांच्या शिक्षेपुढेही माफी नाकारली, त्याच्याकडून मला त्या वेळी एक वाक्य तरी हवं होतं. १९७७ नंतर लोकसभेत विरोधी पक्षनेते झाले. १९७९ च्या जुलैत मोरारजींच्या सरकारवर अविश्वासाचा ठराव आणला आणि महिना संपायच्या आत चरणसिंगांच्या सरकारात उपपंतप्रधान झाले. ते सरकार लोकसभेला तोंड न देताच पडलं. १९८० ला महाराष्ट्रातल्या अठ्ठेचाळीस जागांपैकी त्यांच्या पक्षाला एकच मिळाली. ती त्यांची स्वतःची, साताऱ्याची. ज्या राज्याची घडी त्यांनी बसवली, तिथे ते एकटे निवडून आले. पुढे इंदिरा काँग्रेसमध्ये परत जायला निघाले, तर बराच काळ दारात उभं राहावं लागलं. प्रवेश मिळाला तोवर दिल्लीत त्यांचं स्थान उरलं नव्हतं. आठव्या वित्त आयोगाचं अध्यक्षपद मिळालं, एवढंच.

मला वाटतं, मुंबईचे आणि दिल्लीचे यशवंतराव दोन वेगळी माणसं नव्हती. न तोडण्याचा, धीर धरण्याचा त्यांचा स्वभाव तोच होता. मुंबईत सत्ता त्यांच्या हातात होती, तेव्हा त्या धीरातून कायदे झाले, शाळा झाल्या. दिल्लीत सत्ता दुसऱ्यांच्या हातात होती, तेव्हा त्याच धीराची नुसती वाट बघणं झाली. आपल्यातही असतंच की. घर सांभाळताना ज्या सोशिकपणाचं कौतुक होतं, त्याच सोशिकपणाने माणूस कधीकधी बोलायच्या वेळी गप्प बसतो.

सासरकडची मंडळी म्हणतील, आमच्या वसंतदादांचं काय? त्यांचंही सांगते. दादा फार शिकले नव्हते, बोलणं रोखठोक. १९८३ ला मुख्यमंत्री असताना त्यांनी विनाअनुदानित इंजिनिअरिंग कॉलेजांना परवानगी दिली. माझा मुलगा अशाच एका कॉलेजातून शिकला. म्हणजे एका घरात आईची पदवी यशवंतरावांच्या फी माफीची आणि मुलाची पदवी वसंतदादांच्या कॉलेजातली, तीही आमचा प्रॉव्हिडंट फंड काढून! एका जुन्या जिल्ह्यातल्या दोन माणसांनी शिक्षणाला दोन दारं काढली. एकात गरीब शिरू शकत होता, दुसऱ्यात पैसे लागत होते. कोणतं बरं हे मी ठरवत नाही, पण माझ्या दादांना दुसऱ्या दारातून मला नेता आलं नसतं, एवढं नक्की.

१ जून १९८३ ला वेणूताई गेल्या. लग्नाच्या वाढदिवसाच्या आदल्या दिवशी. मूलबाळ नव्हतं. त्यानंतर यशवंतराव मनाने खचले. १९८४ ला त्यांचं ‘कृष्णाकाठ’ हे आत्मचरित्र आलं. ते १९४६ पर्यंतच येऊन थांबतं. मुंबईच्या आणि दिल्लीच्या दिवसांवर पुढचे भाग लिहायचे होते, ते राहिले. फलटणचं भाषण, आणीबाणी, १९७९, या साऱ्यावर त्यांना काय म्हणायचं होतं ते त्यांच्याकडून सविस्तर ऐकायचं आपल्याला राहूनच गेलं. २५ नोव्हेंबर १९८४ ला दिल्लीत ते गेले. कऱ्हाडला कृष्णा-कोयनेच्या प्रीतिसंगमावर त्यांची समाधी आहे. त्यांची पुस्तकं वेणूताईंच्या नावाच्या स्मारकात ठेवली आहेत. कऱ्हाडला गेलात तर समाधीला जाताच, पण तिथेही जा. राजकारणात राहून माणूस किती वाचू शकतो ते दिसेल.

पंतप्रधानपद हुकलं, याचं दुःख करणाऱ्यांनी ते करावं. माझ्यापुरतं म्हणाल तर नेता कोणत्या खुर्चीपर्यंत पोचला यापेक्षा, मिळालेल्या खुर्चीवरून त्याने काय लांबवर पोचवलं, हे मी आधी बघते. मग तो कुठे गप्प बसला हेही बघते. दोन्ही वह्या मांडायच्या, एकीने दुसरी झाकायची नाही.

आता तुमची पाळी. तुमच्या आई-वडिलांपैकी, काका-मावशांपैकी ईबीसीवर कोण शिकलं? घरी विचारून बघा. बऱ्याच जणांनी हे कधी सांगितलेलं नसतं, कारण फी माफ होती हे सांगायची तेव्हा थोडी लाज वाटायची. त्यात लाजण्यासारखं काही नव्हतं, हेही त्यांना सांगा.